सोजरच्या फडक्यातला रस

सोजर, तू गेलीस तेव्हा तुझा रस अजून गळत होता.

हे आधी सांगते, कारण बाकीचं तुला ठाऊकच असणार. कोण आलं, कोण आलं नाही, कोण खरं रडलं आणि कोण पदरात तोंड घालून शेजारणीच्या बांगड्या बघत होतं, हे तू आडवी पडल्या पडल्या सगळं बघितलं असशील. तुझ्या नजरेतून आयुष्यात काही सुटलं नाही, त्या दिवशी काय सुटणार. पण फडक्याचं तुला माहीत नसेल. तुला बाहेर ओसरीवर ठेवलं होतं, आणि फडकं आत स्वयंपाकघरात पत्र्याखालच्या लोखंडी अँगलला टांगलेलं होतं. खालच्या पातेल्यात थेंब पडत होता. टप. मग बऱ्याच वेळानं परत टप. बाहेर बायकांनी गळा काढलेला, आणि मला आत तेवढंच ऐकू येत होतं.

आदल्या दिवशी आपण दोघींनीच तोडलेली करवंदं होती ती. तू ती धुतलीस, चीक काढलास, शिजवलीस, पळीनं घोटलीस आणि मामांच्या जुन्या धोतराच्या फडक्यात बांधून जेलीसाठी लटकवलीस. आपले सासरे जाऊन किती वर्षं झाली, पण त्यांचं धोतर काही सुटलं नाही आपल्या तावडीतून. मग नेहमीसारखं मला बजावलंस, की कौसे, फडक्याला हात लावायचा न्हाई. सकाळी चहा पिऊन उंबऱ्यात बसलीस ती बसलीसच. तुझ्या सुनेला वाटलं डुलकी लागली. तिनं दोनदा तुला ओलांडून बाहेर जाऊन झाडलोटसुद्धा केली. ते आठवून ती अजून रडते. तिच्यावर रागावू नकोस.

घरात माणूस गेलं की भरलेलं पाणी ओतून द्यायचं, शिजलेलं टाकून द्यायचं, ही आपली रीत. आणि आपल्या भावकीत या कामाला माणसं कधी कमी पडत नाहीत. रांजण ओतला, हंडे ओतले, भाकरी-कालवण उकिरड्यावर गेलं. मग भावकीतल्या थोरल्या आत्याबाई फडक्यापाशी येऊन उभ्या राहिल्या.

“ह्ये काय हाय?”

“रंग हाय,” मी म्हणाले. “साडीला द्यायचा.”

त्या पातेल्यात वाकून बघायला लागल्या. लालजांभळा, आरपार दिसणारा, तळ दिसावा इतका नितळ. “मयताच्या घरात रंग?”

“म्हणून तर बाहेर न्यायलेय,” असं म्हणून मी पातेलं एका हातात, फडकं दुसऱ्या हातात धरून मागच्या दारानं निघालेसुद्धा. तुझं प्रेत ओसरीवर आणि मी थापा मारत परसातून पळतेय. तू बघितलं असतंस तर पोट धरून हसली असतीस. मला मात्र हसू येत नव्हतं आणि रडूही येत नव्हतं. पातेलं हिंदकळू नये एवढंच डोक्यात होतं.

करवंदीच्या कुंपणातल्या आपल्या खिंडीतून वाकून माझ्या अंगणात आले आणि मग लक्षात आलं, की माझ्या घराला पण तेच सुतक. जावा आपण. एकाच भावकीची दोन घरं. तुझ्याकडं जे टाकायचं ते माझ्याकडं कसं टिकणार? मग तशीच गल्लीच्या टोकाला मुमताजभाभीकडं गेले. तिनं एकदा पातेल्याकडं बघितलं, एकदा माझ्या तोंडाकडं, आणि फ्रीजच्या बर्फाच्या कप्प्यातला पसारा उपसायला लागली. “ठेव इथं,” म्हणाली. “आमच्या घराला तुमचं सुतक न्हाई.” आणि मग माझ्या आधी तीच रडली.

फडकं मी पिळलं नाही, सोजर. मनात लई आलं. आत अजून वाटीभर तरी रस होता, हाताला जड लागत होतं. जन्मभर तुझा डोळा चुकवून मी पिळत आले, आणि जन्मभर तू बाटली उजेडात धरून म्हणालीस, की हिला कौसीचा हात लागलाय, गढूळ झाली. त्या दिवशी बघायला कुणी नव्हतं. तरी मी ते तसंच भाभीच्या मोरीतल्या खुंटीला अडकवलं आणि गळायचं ते गळू दिलं.

तुला मी इथं अगं-तुगं करतेय म्हणून कुणी नाक मुरडेल. मुरडू दे. चारचौघांत मी तुला बाई म्हणायचे, अहो-जाहो करायचे, पायाही पडायचे. तू थोरल्याची बायको, मी धाकट्याची. वयानं म्हणशील तर एकाच उन्हाळ्यातल्या आपण. खिंडीच्या आड गेलं की तू सोजर आणि मी कौसी. भाऊभाऊ वेगळे झाले तेव्हा मधे दगडी भिंत घालायची त्यांची लई इच्छा होती. करवंदी लावा, ढोरं येत न्हाईत, असं तू म्हणालीस. ढोरं कुणाची आणि यायचं कुणाला होतं, ते आपल्या दोघींनाच ठाऊक. धरणाच्या वरच्या अंगाला आपली ही मुरमाड जमीन. तिथं दुसरं काही धड येत नाही, पण करवंदी अशी माजली, की बाप्ये माणसं तिकडं फिरकायची बंद झाली. उन्हाळ्यात घोस लागायचे. पोरं खायची, पाखरं खायची, उरलेली सुकून जायची. मग ते शिबिर आलं.

ते शिबिर आठवलं, की मला त्या वेळच्या कौसल्याची कीव येते. बचत गटाच्या बायकांना बीडला फळांचं काहीबाही शिकवणार होते, तर ही बया नायलॉनची साडी, गजरा आणि घडी घातलेला हातरुमाल घेऊन निघाली, जशी काय हिलाच शिकवायला बोलावलंय. फक्त अक्कल तेवढी घरी विसरली. शिकवणाऱ्या बाई म्हणाल्या, बाटल्या आधी उकळून घ्यायच्या. ही मागच्या रांगेतून म्हणते, कावून, बाटलीला ताप आलाय का? बायका हसल्या. त्या हसण्यावर ही फुगली आणि दिवसभर असलंच काहीतरी बोलत राहिली. तू शेजारी बसून मान न हलवता ऐकत होतीस. बाटल्या रुंद तोंडाच्या घ्या, हे त्या बाईंनी सांगितलं तेव्हा मी कशावर तरी हसत होते, हे मला नंतर कळलं.

कारण घरी आल्यावर बाटल्या जमवायचं काम मी अंगावर घेतलं. घाटाच्या रस्त्याला धाब्यामागं क्वार्टरच्या बाटल्यांचा ढीग असायचा, फुकटचा. पोतं भरून आणल्या. उकळून मात्र घेतल्या, अगदी ताप उतरेपर्यंत. तू जेली केलीस, मी नरसाळं लावून ओतली, वर मेण ओतलं, बुचं बसवली. दुसऱ्या दिवशी बाटली उलटी केली तरी आतलं हलेना. काय आनंद झाला होता आपल्याला. आणि मग खायला काढायची वेळ आली. त्या चिंचोळ्या तोंडातून जेली बाहेर येईना. आपटली, गदागदा हलवली, आकडा घालून बघितला. जमली होती इतकी चांगली, की आतच बसली.

त्यातच मामांची पूजेची वेळ झाली. माळकरी माणूस. देवळीशेजारच्या फडताळात क्वार्टरच्या बाटल्यांची रांग, आत लालभडक. नुकतीच आंघोळ करून आलेले, ते मागं फिरले आणि परत आंघोळीला गेले. दुपारी सगळ्या गल्लीतली पोरं खराट्याची काडी बाटलीत घालून चाटत बसली होती, तुझी मंगल त्यांची म्होरकी. तू कपाळाला हात लावून बसलीस आणि मला म्हणालीस, “कौसे, तुझ्या डोक्याचं तोंडबी येवढंच बारीक हाय.”

हे मी लोकांना सांगून सांगून झिजवलं. तुझ्या तेराव्यालासुद्धा सांगणार होते. तोंड उघडलं आणि पुढचं आलंच नाही.

पुढच्या वर्षांत तुझा हात बसला. तुझ्या जेलीची भावकीत, पाहुण्यांत, पार शिरूर कासारपर्यंत मागणी असायची. माझं काम साखर घालायचं, फेस काढायचा आणि तू उतरव म्हणालीस की उतरवायचं. बास. तू पळी वर धरायचीस, तिच्या काठावरून दोन थेंब वेगवेगळे लोंबायचे, मग सरकत सरकत एकाला एक मिळायचे आणि पडद्यासारखे खाली यायचे. तोच क्षण. तू म्हणायचीस, “उतरव.” मी उतरवायचे. इतक्या वर्षांत मी त्या थेंबांकडं एकदा नीट बघितलं नाही. तू बघत होतीस, मग मी कशाला बघू? मी बोलत होते.

भांडण आपलं एकाच गोष्टीवरून व्हायचं, आणि ते दर उन्हाळ्यात व्हायचं. एखादी खेप पातळ राहिली, की मी म्हणायचे परत चुलीवर ठेवू. तू म्हणायचीस, “एकदा उतरिवलं की उतरिवलं. परत चढवायचं न्हाई.” कावून? चुलीला राग येतोय का? तू म्हणायचीस, जेलीला येतोय. काळी पडती, करपती, हट्टाला पेटती. मी म्हणायचे करून तर बघू. तू ते पातळ पाण्यात कालवून पोरांना सरबत म्हणून वाटून टाकायचीस. पातेलं तुझं, चूल तुझी, तेव्हा शब्दही तुझाच चालायचा.

आता मंगलचं. त्याच्याबद्दल आपण कधी भांडलोसुद्धा नाही. भांडायला बोलावं लागतं.

थोरले गेले त्या वर्षी तुझ्या लेकानं, दत्तानं, बहिणीला बोलावून घेतलं, जमिनीच्या हक्कसोडीवर सही करायला. सगळ्याच घरांत करतात. बहिणी येतात, सही करतात, साडीचोळी घेऊन जातात, आणि माहेर राहतं. मंगल म्हणाली, मला जमीन कसायची न्हाई दादा, पण मला कुणी इचारलं तर पायजे. तू पदर सारखा करत म्हणालीस, “सही कर बाई. माहेर राहील.” तिनं केली. तहसीलमधून आल्यावर तू तिला साडी दिलीस, मोरपंखी, तूच निवडलेली. तिनं ती हातात घेतली, अंगणात आली, करवंदीवर टाकली आणि पिशवी उचलून फाट्याकडं निघाली. मी अलीकडून बघत होते. तू तिच्या मागं गेली नाहीस. तू कुंपणापाशी बसलीस आणि एकेका काट्यातून ती साडी सोडवायला लागलीस. ओढली नाहीस कुठं. लई वेळानं खिंडीतून वाकून माझ्याकडं आलीस आणि म्हणालीस, “कौसे, बारीक सुई हाय का?”

मी सुई दिली. तू माझ्याच उंबऱ्यात बसून रफू केलंस. आपण त्या दिवशी तुरीच्या डाळीबद्दल बोललो.

त्यानंतर मंगल आली नाही. पण पुढच्या उन्हाळ्यात जेली झाल्यावर तू एक बाटली वेगळी काढलीस, धडुत्यात गुंडाळलीस आणि माझ्यापुढं ठेवलीस. कुणासाठी ते तू सांगितलं नाहीस आणि मी विचारलं नाही. मी पिशवी घेऊन बसमध्ये बसले, केजला गाडी बदलली, मंगलच्या सासरी युसूफ वडगावला उतरले. मंगलनं बाटली घेतली, मला चहा दिला, जेवायला वाढलं, माझ्या नातवंडांची चौकशी केली. आईचं नाव नाही. पुढच्या वर्षी परत गेले, तेव्हा जुनी बाटली तिनं धुऊन, पुसून, तयार ठेवली होती. रिकामी.

भांडं रिकामं परत द्यायचं नसतं, हे तिला तूच शिकवलेलं. लहानपणी एकदा ती मुमताजभाभीची वाटी मोकळी देऊन आली, तर तू तिला गुळाचा खडा देऊन परत पिटाळलं होतंस. काही नसलं तर चिमूटभर साखर टाकावी, पण रिकामं देऊ नये. आणि तीच पोर दरसाल बाटली अशी स्वच्छ, कोरडी ठणठणीत परत करायची. मी आणून द्यायचे. तू झाकण फिरवायचीस, आत बघायचीस, मग तळहातावर उलटी करून एकदा आपटायचीस. काही पडायचं नाही. “चांगली धुतलीया,” म्हणायचीस आणि फळीवर ठेवून द्यायचीस.

माझ्यासारख्या खोडकर बाईला हे बघवायचं नाही. एका वर्षी केजच्या स्टँडवर मी फुटाण्याची पुडी घेतली. म्हटलं, मूठभर बाटलीत टाकते, लेकीनं दिलं म्हणून सांगते. मग विचार करत बसले. तू वासावरून ओळखशील का, मंगलच्या गावात फुटाणे असले मिळतात का, विचारलंस तर तोंड कसं ठेवायचं. विचार करता करता बस आपल्या घाटापर्यंत आली आणि बघते तर पुडी रिकामी. मीच खाल्ले सगळे. त्या वर्षीही तू म्हणालीस, चांगली धुतलीया.

आणि यंदा, जायच्या आदल्या दिवशी, आपण करवंदं तोडत होतो. तू पलीकडून, मी अलीकडून. तुझे हात नुसते दिसत होते मला, चिकानं काळे झालेले. पिकली आणि कच्ची मिसळून तोड, असं दरसालचं तुझं पालुपद चाललं होतं. नुसत्या पिकलेल्यानं जमत न्हाई, कच्चं पायजे थोडं. मग मधेच म्हणालीस, “यंदा तू नगं जाऊ युसूफ वडगावला.”

“कावून? माझा कंटाळा आला का पोरीला?”

“मी जाते.”

मी म्हणाले, “तुला बस लागती. केजपतूर ओकत जाशील.”

तू हसलीस. “पिशवी घेऊन जाते की.”

एवढंच. पुन्हा पालुपद सुरू, कच्चं-पिकं, कच्चं-पिकं. मी पुढं विचारलं नाही, आणि तू सांगितलं नाहीस. आता रोज तेच चालू असतं डोक्यात. जाऊन काय बोलणार होतीस गं? चुकलं म्हणणार होतीस? दत्ताशी काही बोलली होतीस का आधी? का नुसती बाटली टेकवून, चहा पिऊन, रिकामी बाटली घेऊन आली असतीस? तुझा काही भरवसा नाही. तू तेवढंही केलं असतंस आणि वर म्हणाली असतीस, चांगली धुतलीया. मी सगळ्या बाजूंनी बोलून बघते. कधी तुझ्या तोंडचं, कधी मंगलच्या तोंडचं. कुठलंच खरं वाटत नाही. तुझी नक्कल मी गावभर करून दाखवायचे, आणि आता नेमकी तीच जमत नाही.

मंगल आली होती, तुला दिसलीच असेल. मातीला आली, तोंड बघितलं, लिंबाखाली बसून राहिली. घरात गेली नाही, पाण्याचा थेंब घेतला नाही, शेवटच्या गाडीनं गेली. दहाव्यालाही तसंच. मी लांबून बघत होते आणि मुमताजभाभीच्या बर्फात तुझा रस तसाच होता. मला वाटायला लागलं, की हा रस जर नासला, तर मग संपलंच. मग तू निघाली होतीस, हे कुणाला कशानं कळणार? माझ्या शब्दानं? माझ्या शब्दावर या गावात कोण विश्वास ठेवतं?

सुतक फिटल्यावर रस आणला. भांड्यात ओतला, साखर घातली, लिंबू पिळलं, बाटल्या उकळल्या. रुंद तोंडाच्या. फेस काढला. मग पळी वर धरली आणि थेंब बघायला लागले, आणि सोजर, मला काही म्हणजे काही दिसेना. थेंब लोंबतोय का पडतोय, मिळाले का नाही, डोळ्यांत पाणी होतं का वाफ होती, देव जाणे. आणि उतरव म्हणायला कुणी नाही. कान तिकडंच लागलेले, पलीकडं, करवंदीपलीकडं. करपेल या भीतीनं मी आपलं उतरवून टाकलं.

दुसऱ्या दिवशी बाटली तिरकी केली तर आतलं चहासारखं हललं.

तेराव्याला गोडाचं जेवण तुझ्या घरी होतं. मंगल जेवायला आत गेली नाही, खिंडीतून वाकून माझ्याकडं आली. सवयीनं. लहानपणी अशीच यायची. मी बाटली तिच्या हातात दिली. तिनं ती उलटी केली. तुझ्यासारखीच, मनगट वळवून. आतलं सगळं झाकणाकडं धावलं.

“काकू, ही आईची न्हाई.”

“रस तिचा हाय,” मी म्हणाले. “हात माझा.” मग सांगून टाकलं, एका दमात, नाहीतर पुन्हा तोंड बंद झालं असतं. “यंदा मी येणार नव्हते. तुझी आई स्वतः येणार होती, बाटली घेऊन.”

ती बाटलीकडं बघत राहिली. “कशाला?”

“ते न्हाई सांगितलं.”

पलीकडून पंगतीचा आवाज येत होता. वाढप्यांची गडबड, दत्ताचं बोलणं. तिनं बाटली ओट्यावर ठेवली. मग म्हणाली, “गॅस लावा. परत चढवू.”

“सोजर म्हणायची, की एकदा—”

“म्हायती हाय काय म्हणायची. त्याच घरात वाढलेय मी.”

मग तिनं बाटल्या पातेल्यात ओतल्या. मी बाजूला झाले. ती पदर खोचून उभी राहिली, फेस काढला, पळी वर धरली, आणि खाली बघायच्या ऐवजी पळीच्या काठाकडं बघत राहिली, मान जराशी डावीकडं कलवून. मी त्या दिवशी पहिल्यांदा बघितलं, की तू बघायचीस तरी कशी. दोन थेंब लोंबले, सरकले, एक झाले, पडद्यासारखे खाली आले.

“उतरवा,” ती म्हणाली.

मी उतरवलं. आणि मग तिथंच ओट्याला टेकून रडले, लहान पोरासारखी, तुझ्या जाण्यानंतर पहिल्यांदाच. तिनं माझ्याकडं बघितलं नाही. ती बाटल्या भरत होती.

एक बाटली गरम असतानाच टॉवेलात गुंडाळून तिनं पिशवीत घातली. जाताना खिंडीपाशी थांबली. पलीकडं दत्ता उभा होता, हातात पाण्याचा तांब्या, पाहुण्यांना देता देता थांबलेला. दोघांनी एकमेकांना बघितलं. त्यानं तांब्या पुढं केला का नुसता हात हलला, ते मला इथून कळलं नाही. ती गाडीला गेली. मी सांगू शकले असते, की ती तांब्यातलं पाणी प्याली. लोकांना तसं सांगितलंही असतं. पण तुला खोटं कसं सांगू?

जेली जमली, सोजर. माझ्या वाटणीची बाटली उलटी करून बघितली, हलत नाही. म्हणजे मी म्हणत होते ते खरं. पण काळी पडलीय, तुझ्या जेलीचा तो दिवा लावल्यासारखा लाल रंग नाही, आणि जिभेवर शेवटी जरा करपट लागते. म्हणजे तूही म्हणत होतीस ते खरं. इतक्या वर्षांचं भांडण, आणि निकाल लागायच्या वेळी तू हजर नाहीस. एकटीनं जिंकण्यात काही मजा नाही गं. हरण्यातही नाही.

ती गेल्यावर ओटा आवरायला घेतला. मंगलनं गेल्या वर्षीची बाटली आणली होती, ती कोपऱ्यात ठेवलेली. स्वच्छ धुतलेली, झाकण घट्ट. तुझ्याकडं न्यायची म्हणून मी सवयीनं उचलली, खिंडीपर्यंत गेले, आणि मग आठवलं की आता तळहातावर आपटायला पलीकडं कुणी नाही. म्हणून मीच उलटी केली.

आत काहीतरी सरकलं. साखर होती.

आत येऊन बघितलं तर माझ्या साखरेच्या डब्याचं झाकण तिरकं. मी ओट्यावर डोकं टेकून रडत होते तेव्हा भरली असणार, माझ्याच डब्यातली. तुझीच लेक, खोड कुठं जाईल? आणायची तेव्हा तिनं रिकामीच आणली होती. इथं येऊन, तुझी जेली परत चढवून उतरवल्यावर भरली. कुणाला म्हणून भरली, ते मी विचारायला जाणार नाही. पुढच्या उन्हाळ्यात ती येईल का, तेही मला ठाऊक नाही.

बाटली तुझ्या फळीवर ठेवणार होते, पण तुझी सून चहात घालेल. म्हणून माझ्याच खिडकीत ठेवलीय, कुंपणाकडच्या. झाकण मुद्दाम सैल ठेवलंय. काल सकाळी बघितलं, मुंग्यांची रांग लागलीय. करवंदीच्या मुळापासून निघते, खिंडीतून येते, भिंतीवर चढते आणि एकेक दाणा उचलून परत पलीकडं जाते, तुझ्या अंगणात. मी अजून एकदाही फडकं मारलेलं नाही.